सोलापूरच्या शशिकला : सहायक भूमिकेचा एक अभ्यास

चित्रपटाच्या प्रारंभी पडद्यावर जी श्रेयनामावली येते, तिच्यातील पहिली दोन-तीन नावेच सर्वसामान्य प्रेक्षक वाचतो आणि लक्षात ठेवतो. त्याखालच्या नावांकडे त्याचे फारसे लक्ष जात नाही. परंतु नायक-नायिकेचे सुखदुःख ज्यांच्यामुळे घडते, कथेला वळण ज्यांच्यामुळे लागते आणि प्रेक्षकाचा राग, करुणा किंवा हसू जे ओढून घेतात, ते कलावंत बहुधा या खालच्या नावांतच असतात. त्यांना आपण सहायक किंवा दुय्यम भूमिका करणारे कलावंत म्हणतो. भूमिका दुय्यम असली, तरी ती करणाऱ्याचे कौशल्य दुय्यम असावे लागते असे मात्र नाही. किंबहुना पडद्यावर थोडा वेळ मिळालेला असताना एक संपूर्ण माणूस उभा करून दाखवणे हे अधिक अवघड काम होय.

या कामाचा अभ्यास करण्यासाठी सोलापूरच्या शशिकला जवळकर यांच्या कारकीर्दीइतके चांगले उदाहरण क्वचितच सापडेल. 'शशिकला' एवढ्याच नावाने त्या हिंदी चित्रपटसृष्टीत वावरल्या. शंभरांहून अधिक चित्रपटांत त्यांनी काम केले. त्यांचा चेहरा देशभर ओळखीचा होता, पण ही अभिनेत्री सोलापूरची, मराठी घरातली, हे महाराष्ट्रातही पुष्कळांना ठाऊक नव्हते. पडद्यावरची 'कजाग वहिनी' किंवा 'मत्सरी मैत्रीण' सर्वांना ठाऊक होती. त्या भूमिकांमागची कलावंत मात्र अपरिचितच राहिली. असे का घडले, याचा विचार या लेखात करावयाचा आहे.

सोलापूरची पार्श्वभूमी

शशिकला यांचा जन्म ४ ऑगस्ट १९३२ रोजी सोलापूर येथे झाला. त्या काळचे सोलापूर हे कापड गिरण्यांचे आणि हातमागांचे शहर होते. १८७७ मध्ये तेथे पहिली कापड गिरणी सुरू झाली आणि त्यानंतर आसपासच्या मुलखातून हजारो कुटुंबे कामासाठी येथे येऊन वसली. मराठीबरोबरच कन्नड, तेलुगू आणि उर्दू या भाषा येथील पेठांतून सहज ऐकू येत. १९३० च्या सत्याग्रहात या शहराने लष्करी कायद्याची राजवट अनुभवली आणि १२ जानेवारी १९३१ रोजी येथील चार हुतात्म्यांना फाशी देण्यात आले. अशा जागत्या, कष्टकरी आणि बहुभाषिक नगरात शशिकला यांचे बालपण गेले.

घरची परिस्थिती सुरुवातीस चांगली होती. वडील अनंतराव जवळकर हे व्यापारी होते. मुलीला नृत्य, गाणे आणि अभिनय यांची उपजत आवड होती. वयाच्या पाचव्या-सहाव्या वर्षापासूनच ती सोलापूर जिल्ह्यातील गावोगावच्या रंगमंचांवर कामे करू लागली. त्या पिढीतील अनेक कलावंतांचे पहिले शिक्षण अशाच स्थानिक कार्यक्रमांतून झाले. गणेशोत्सवातील मेळे, शाळांची संमेलने आणि हौशी नाटके ही महाराष्ट्रातील अभिनयाची पहिली शाळा होती. तेथे मांडव लहान, दिवे मोजके आणि श्रोते मात्र चोखंदळ असत. शब्द शेवटच्या रांगेपर्यंत स्पष्ट पोचला नाही, तर ते दाद देत नसत. शशिकला यांच्या पुढील काळातील ठसठशीत शब्दोच्चारांचे मूळ या बालपणीच्या सरावात शोधता येईल.

हिंदी चित्रपटसृष्टीशी सोलापूरचा संबंध केवळ शशिकला यांच्यापुरता नाही, हेही येथे नमूद केले पाहिजे. चीनमध्ये वैद्यकीय सेवा करताना १९४२ मध्ये निधन पावलेले डॉ. द्वारकानाथ कोटणीस हे सोलापूरचेच. त्यांच्या जीवनावर व्ही. शांताराम यांनी १९४६ मध्ये 'डॉ. कोटनीस की अमर कहानी' हा चित्रपट काढला. सोलापूरच्या राम जोशी या शाहिराचे चरित्र 'लोकशाहीर राम जोशी' या १९४७ च्या मराठी चित्रपटाने घराघरांत पोचवले. याच सुमारास त्याच शहरातली एक मुलगी मुंबईतील स्टुडिओंच्या दारात काम मागत उभी होती.

मुंबईतील उमेदवारी

वडिलांचा व्यवसाय बुडाला आणि कुटुंबाला सोलापूर सोडून मुंबई गाठावी लागली. हौस म्हणून जोपासलेली कला आता उपजीविकेचे साधन झाली. शालेय वयाच्या शशिकला एका स्टुडिओतून दुसऱ्या स्टुडिओत काम शोधत हिंडू लागल्या. या भटकंतीत त्यांची भेट त्या काळच्या सुप्रसिद्ध गायिका-अभिनेत्री नूरजहाँ यांच्याशी झाली. नूरजहाँ यांचे पती शौकत हुसेन रिझवी हे तेव्हा 'झीनत' हा चित्रपट दिग्दर्शित करीत होते. १९४५ मध्ये प्रदर्शित झालेल्या या चित्रपटातील स्त्रियांनी सादर केलेल्या कव्वालीत शशिकला यांना उभे राहण्याची संधी मिळाली. त्या कामाचे २५ रुपये मिळाल्याचे त्यांनी पुढे सांगितले आहे. ही कव्वाली अतिशय लोकप्रिय झाली. त्या वेळी शशिकला यांचे वय अवघे बारा-तेरा वर्षांचे होते.

हा आधार मात्र फार काळ टिकला नाही. १९४७ मध्ये देशाची फाळणी झाली आणि नूरजहाँ व रिझवी पाकिस्तानात निघून गेले. चित्रपटसृष्टीत ओळखीपाळखीशिवाय काम मिळणे तेव्हाही कठीण होते. ज्यांनी पहिला हात दिला तेच गेल्यावर या मराठी मुलीला पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करावी लागली.

त्या वेळी चित्रपट-व्यवसायाची घडीही बदलत होती. प्रभातसारख्या संस्थांत कलावंत मासिक पगारावर असत. त्यांना भूमिका लहान मिळो वा मोठी, महिन्याच्या शेवटी वेतन ठरलेले असे. दुसऱ्या महायुद्धानंतर ही पद्धत मोडत गेली. प्रभात आणि बॉम्बे टॉकीज या दोन्ही मोठ्या संस्था १९५० नंतरच्या काही वर्षांत बंद पडल्या. त्यांच्या जागी एकेका चित्रपटापुरते करार आले. नामांकित नायक-नायिकांचा यात फायदा झाला. त्यांचे मानधन वाढले. सहायक कलावंतांवर मात्र एकाच वेळी अनेक निर्मात्यांकडे लहानमोठी कामे धरून ठेवण्याची पाळी आली. कामात खंड पडला की उत्पन्नातही खंड पडे. शशिकला यांच्या कारकीर्दीचे पहिले तप या व्यवस्थेत गेले. १९५३ मध्ये व्ही. शांताराम यांच्या 'तीन बत्ती चार रास्ता' या चित्रपटात त्यांना भूमिका मिळाली. निरनिराळ्या प्रांतांतील सुना एकाच घरात नांदतात, अशी त्या चित्रपटाची कल्पना होती. बहुभाषिक सोलापुरातून आलेल्या अभिनेत्रीला हे वातावरण अपरिचित वाटले नसेल. तरीही या काळातील त्यांची बहुतेक कामे प्रेक्षकांच्या स्मरणात राहण्याजोगी नव्हती.

'सुजाता'तील रमा

शशिकला यांच्या अभिनयाची खरी ओळख पटली ती बिमल रॉय यांच्या 'सुजाता' या १९५९ च्या चित्रपटातून. सुबोध घोष यांच्या कथेवर आधारलेल्या या चित्रपटाचा विषय अस्पृश्यता हा होता. अस्पृश्यता (अपराध) अधिनियम १९५५ मध्ये संमत झाला, त्यानंतर चारच वर्षांनी हा चित्रपट आला. एक उच्चवर्णीय दांपत्य अनाथ झालेल्या दलित मुलीचा सांभाळ करते. ती घरात वाढते, परंतु घरची होत नाही. नूतन यांनी सुजाताची भूमिका केली, आणि त्या दांपत्याच्या पोटच्या मुलीची, म्हणजे रमाची भूमिका शशिकला यांच्याकडे आली.

या भूमिकेचे महत्त्व वरवर पाहता लक्षात येत नाही. रमाचा विवाह ज्या तरुणाशी व्हावा अशी वडीलधाऱ्यांची इच्छा आहे, तो सुजाताच्या प्रेमात पडतो. रमाने येथे मत्सर केला असता, तर चित्रपट दोन बहिणींच्या स्पर्धेची नेहमीची कथा झाला असता आणि अस्पृश्यतेचा प्रश्न बाजूला पडला असता. परंतु रमा मत्सर करीत नाही. ती हसते, बागडते, सुजातावर बहिणीसारखे प्रेम करते. तिच्या मनात भेद नाही, आणि म्हणूनच मोठ्यांच्या मनातला भेद अधिक उघडा पडतो. शशिकला यांनी रमाचा खेळकरपणा इतक्या सहजपणे रंगवला, की तो अभिनय आहे असे वाटतच नाही. कथेतील मूळ प्रश्नावरून प्रेक्षकाचे लक्ष ढळू न देणे हे सहायक भूमिकेचे एक मोठे कार्य असते. रमा त्याचा चांगला नमुना आहे.

शिक्षकांनी हा चित्रपट विद्यार्थ्यांना दाखवल्यास आणखी एका गोष्टीकडे त्यांचे लक्ष वेधावे. नूतन या शोभना समर्थ यांच्या कन्या. त्यांच्या पालक आईच्या भूमिकेत सुलोचना, जुन्या वळणाच्या वृद्धेच्या भूमिकेत ललिता पवार आणि बहिणीच्या भूमिकेत शशिकला. बंगाली लेखकाची कथा, बंगाली दिग्दर्शक, आणि पडद्यावरील चारही प्रमुख स्त्री-व्यक्तिरेखा साकारणाऱ्या मराठी अभिनेत्री, असा हा योग होता.

'आरती' आणि 'गुमराह'

१९६१ च्या 'जंगली'मध्ये शशिकला यांनी शम्मी कपूर यांच्या बहिणीचे काम केले. तेथेही आईच्या भूमिकेत ललिता पवारच होत्या. येथवर त्यांच्या वाट्याला आलेल्या भूमिका बहुधा प्रेमळ किंवा अल्लड मुलींच्या होत्या. १९६२ मध्ये मात्र त्यांच्या कारकीर्दीला निर्णायक वळण मिळाले. ताराचंद बडजात्या यांच्या राजश्री संस्थेने निर्मितीक्षेत्रात पदार्पण करताना 'आरती' हा चित्रपट काढला. दिग्दर्शक फणी मजुमदार होते. मीना कुमारी, अशोक कुमार आणि प्रदीप कुमार यांच्या प्रमुख भूमिका होत्या. मराठी रंगभूमीवरून आणि चित्रपटांतून पुढे आलेले रमेश देव यांचाही हा पहिला हिंदी चित्रपट. शशिकला यांनी त्यात घरातील मोठ्या जावेची भूमिका केली.

ही जाऊ घर फोडते. परंतु ती रंगमंचावरील राक्षसीण नाही. ती स्वयंपाकघरातून बोलते, पदर सावरत बोलते, एखादे वाक्य अर्धवट सोडून देते आणि ते ऐकणाऱ्याच्या मनात उरलेले विष आपोआप भिनते. एकत्र कुटुंबात वाढलेल्या प्रेक्षकांना ती पडद्यावरची वाटली नाही. ती त्यांना शेजारच्या घरातली वाटली. म्हणूनच तिचा राग आला. खलभूमिकेतील कलावंताचे यश प्रेक्षकांच्या प्रेमात नसते, रागात असते. या भूमिकेबद्दल शशिकला यांना १९६३ मध्ये सहायक अभिनेत्रीचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले.

पुढच्याच वर्षी, बी. आर. चोप्रा यांच्या 'गुमराह' (१९६३) या चित्रपटासाठी त्यांना हेच पारितोषिक पुन्हा लाभले. या चित्रपटातील त्यांची भूमिका अभिनयाच्या अभ्यासकांनी मुद्दाम पाहण्यासारखी आहे. विवाहित नायिका आपल्या पूर्वीच्या प्रियकराला भेटत राहते. अशा वेळी लीला नावाची एक स्त्री अचानक तिच्यापुढे उभी राहते, मी त्या प्रियकराची पत्नी आहे असे सांगते, आणि तिला धमकावून पैसे उकळू लागते. शेवटी असे उघड होते की, लीला ही नायिकेच्या पतीची चिटणीस असून हे सारे तिने त्याच्याच सांगण्यावरून केले. म्हणजे प्रेक्षक ज्या स्त्रीचा चित्रपटभर द्वेष करतो, ती प्रत्यक्षात नेमून दिलेले काम पार पाडणारी एक नोकरदार स्त्री असते.

अशा भूमिकेत दुहेरी कसोटी असते. पहिल्यांदा पाहणाऱ्याला धमकी खरी वाटली पाहिजे. नाही तर रहस्य टिकत नाही. रहस्य कळल्यानंतर दुसऱ्यांदा पाहणाऱ्याला मात्र आपली फसवणूक झाली असे वाटता कामा नये. लीलेच्या प्रत्येक हालचालीला दोन्ही अर्थ असावे लागतात. शशिकला यांनी लीलेला एक थंड, हिशेबी आत्मविश्वास दिला. तो धमकी देणाऱ्या स्त्रीलाही शोभतो, आणि काम चोख बजावणाऱ्या चिटणिसालाही शोभतो. ही युक्ती साधी वाटते, परंतु संपूर्ण चित्रपटाचा डोलारा तिच्यावर उभा आहे.

दहांपैकी सहा

या पारितोषिकांच्या संदर्भात एक गोष्ट लक्षात घेण्यासारखी आहे. फिल्मफेअरने सहायक अभिनेत्रीसाठी पारितोषिक देण्यास १९५५ मध्ये प्रारंभ केला. त्या वर्षीचा पहिला मान 'बादबान' या चित्रपटासाठी उषा किरण यांना मिळाला. १९५९ मध्ये 'काला पानी'साठी नलिनी जयवंत, १९६० मध्ये 'अनाडी'साठी ललिता पवार आणि १९६१ मध्ये 'आँचल'साठी मास्टर विनायक यांच्या कन्या नंदा या मानकरी ठरल्या. १९६३ आणि १९६४ ही दोन वर्षे शशिकला यांची. म्हणजे पहिल्या दहा वर्षांतील दहा पारितोषिकांपैकी सहा मराठी अभिनेत्रींच्या वाट्याला आली.

हा योगायोग म्हणून सोडून देता येणार नाही. बोलपटांच्या आरंभापासून महाराष्ट्रातील सुशिक्षित घरांतील स्त्रिया पडद्यावर आल्या. नाट्यसंगीत, हौशी रंगभूमी आणि मेळे यांमुळे अभिनयाचे प्राथमिक संस्कार येथे सहज उपलब्ध होते. कोल्हापूर, पुणे आणि मुंबई येथील स्टुडिओंनी या गुणांना व्यावसायिक शिस्त लावली. शशिकला या परंपरेतील एक कडी होत्या. फरक एवढाच, की त्यांच्यामागे नाटक कंपनी नव्हती आणि घराण्याचे नावही नव्हते. सोलापूर जिल्ह्यातील गावोगावचे रंगमंच एवढीच त्यांची शिदोरी होती.

यशाची दुसरी बाजू

सलग दोन वर्षे सन्मान मिळाल्यावर एखाद्या कलावंतापुढे अधिक मोठी दारे उघडतील, अशी अपेक्षा असते. शशिकला यांच्या बाबतीत कामे पुष्कळ आली, परंतु ती एकाच साच्याची आली. एका प्रकारच्या भूमिकेत यश मिळाले, की निर्माते त्या कलावंताला पुन्हा पुन्हा तीच भूमिका देतात. प्रेक्षकही चेहरा दिसताच पुढचे कारस्थान गृहीत धरू लागतात. सन्मान हाच शिक्का होऊन बसतो.

या शिक्क्याला त्या काळातील एका सामाजिक समजुतीचा आधार होता. हिंदी चित्रपटातील सद्गुणी स्त्री बहुधा साडी नेसणारी, मितभाषी आणि सोशिक असे. मोकळेपणाने बोलणारी, पाश्चात्त्य पद्धतीचा पोशाख करणारी, क्लबात जाणारी स्त्री ही जणू आपोआपच संशयास्पद ठरे. 'हरियाली और रास्ता' (१९६२) आणि 'फूल और पत्थर' (१९६६) या दोन चित्रपटांतील शशिकला यांच्या व्यक्तिरेखांची नावे 'रीटा' अशी एकच असावीत, ही गोष्ट पुरेशी बोलकी आहे. नाव आणि वेष यांवरूनच तिचे चारित्र्य ठरून गेलेले असे. खेड्यापाड्यांतील तंबूच्या चित्रपटगृहापर्यंत हे चित्र पोचत होते, आणि शिकलेल्या, नोकरी करणाऱ्या मुलींविषयीच्या समजुतींवर त्याचा परिणाम होत होता, हे नाकारता येणार नाही.

परंतु याच अभिनेत्रीने या समजुतीला उत्तरही दिले, हे विसरता कामा नये. 'फूल और पत्थर' ज्या वर्षी प्रदर्शित झाला, त्याच १९६६ मध्ये हृषीकेश मुखर्जी यांचा 'अनुपमा' आला. वडिलांच्या प्रेमाला मुकलेली, अबोल उमा ही त्यातील नायिका. ती शर्मिला टागोर यांनी केली. शशिकला तिची मैत्रीण अनिता झाल्या. अनिता आधुनिक आहे, बडबडी आहे, सर्वांशी मोकळेपणाने वागते. वर वर्णन केलेल्या खलनायिकेची सारी बाह्य लक्षणे तिच्यात आहेत. परंतु तिचे मन निर्मळ आहे. उमाच्या मौनाभोवती ती आपल्या बोलण्याने ऊब निर्माण करते. एकाच वर्षी, जवळजवळ एकाच वेषात, एका चित्रपटात द्वेषास पात्र आणि दुसऱ्यात प्रेमास पात्र अशा दोन स्त्रिया शशिकला यांनी उभ्या केल्या. पोशाखावरून माणसाची पारख करू नये, हे व्याख्यानाने पटवण्यापेक्षा हे दोन चित्रपट लागोपाठ पाहून अधिक चांगले पटेल.

ललिता पवार यांचे उदाहरण येथे तुलनेसाठी घेता येईल. १९४२ मध्ये चित्रीकरणाच्या वेळी बसलेल्या थपडेमुळे त्यांच्या डोळ्याला कायमची इजा झाली आणि नायिकेच्या भूमिका बंद झाल्या. त्यांनी त्या व्यंगालाच अभिनयाचे साधन बनवले. शशिकला यांच्या वाटेत अडसर आला तो शरीराचा नव्हे, प्रतिमेचा. दोघींनीही मिळालेल्या चौकटीत राहून ती चौकट थोडी रुंद केली. सहायक कलावंताच्या हाती बहुधा एवढेच असते, पण तेवढेही सर्वांना साधत नाही.

उत्तरकाल

पुढील काळात शशिकला चरित्र भूमिकांकडे वळल्या. १९८० च्या हृषीकेश मुखर्जी यांच्या 'खूबसूरत'मध्ये त्यांनी शिस्तीच्या घरातील थोरल्या सुनेची भूमिका केली. १९६२ च्या 'आरती'तील मोठी जाऊ घर फोडणारी होती. अठरा वर्षांनंतरची ही थोरली सून आपली नृत्याची आवड मनात दडपून घर सांभाळणारी होती. कुटुंबातील तेच स्थान, परंतु दृष्टी पूर्णपणे बदललेली. भारतीय चित्रपट स्त्रीकडे कसा पाहत गेला, याचा आलेख या दोन भूमिकांमध्ये स्पष्ट दिसतो. गावोगावी नृत्य करून कलाजीवनाची सुरुवात केलेल्या अभिनेत्रीने अशी सून साकारावी, यातही एक औचित्य होते.

त्यानंतर काही वर्षे त्या चित्रपटांपासून दूर राहिल्या आणि कोलकात्यात मदर तेरेसा यांच्या संस्थेत रुग्ण व निराधार यांची सेवा त्यांनी केली. पडद्यावर निर्दय म्हणून ओळखल्या गेलेल्या अभिनेत्रीच्या आयुष्याची ही बाजू फारच थोड्या प्रेक्षकांपर्यंत पोचली. परतल्यावर त्यांनी आजीच्या आणि वडीलधाऱ्या स्त्रियांच्या भूमिका स्वीकारल्या. २००१ च्या 'कभी खुशी कभी गम' या चित्रपटात त्या दिसल्या, तर 'सोनपरी' या दूरचित्रवाणी मालिकेमुळे त्या लहान मुलांच्याही ओळखीच्या झाल्या. 'गुमराह'तील लीलेचा राग करणाऱ्यांची नातवंडे आता त्यांना आजी म्हणून ओळखू लागली होती.

भारत सरकारने २००७ मध्ये त्यांना पद्मश्री देऊन गौरविले. ४ एप्रिल २०२१ रोजी मुंबई येथे वयाच्या ८८ व्या वर्षी त्यांचे निधन झाले. १९४५ च्या कव्वालीपासून मोजल्यास त्यांच्या कारकीर्दीचा पट साठ वर्षांहून अधिक काळाचा भरतो. या काळात कृष्णधवल चित्रपट गेला, रंगीत आला, दूरचित्रवाणी आली. अनेक नायक-नायिका उदयास आल्या आणि मावळल्या. शशिकला मात्र आपल्या जागी टिकून राहिल्या.

नोंद ठेवण्याचे महत्त्व

या कारकीर्दीतून घेण्यासारखा बोध केवळ चित्रपटरसिकांसाठी नाही. शशिकला यांना पारितोषिके मिळाली, पद्म सन्मान मिळाला, म्हणून त्यांच्या जीवनाचा आराखडा मांडता येतो. परंतु श्रेयनामावलीत त्यांच्याही खाली ज्यांची नावे होती, किंवा ज्यांची नावे कधी आलीच नाहीत, अशा कलावंतांचे काय? मेळ्यांतून, तमाशाच्या फडांतून, नाटक मंडळ्यांतून आणि स्टुडिओंतील समूहदृश्यांतून आयुष्य वेचलेले असंख्य लोक महाराष्ट्राच्या प्रत्येक जिल्ह्यात होऊन गेले आणि आजही आहेत. त्यांच्या कामाची नोंद बहुधा कोठेच नसते.

ही नोंद नसण्याची किंमत प्रत्यक्ष व्यवहारातही मोजावी लागते. ज्येष्ठ साहित्यिक व कलावंतांना मानधन देण्याची राज्य शासनाची योजना १९५४-५५ पासून चालत आलेली आहे. या योजनेसाठी अर्ज करताना आपण कलाक्षेत्रात किती वर्षे आणि कोणते काम केले, याचे पुरावे कलावंताला द्यावे लागतात. ज्याचे नाव पडद्यावर होते त्याला हे सोपे जाते. परंतु जिने तीस वर्षे फडावर नाच केला किंवा ज्याने मागे उभे राहून ढोलकी वाजवली, त्याच्याजवळ जुने हस्तपत्रक किंवा एखादे छायाचित्रही उरलेले नसते. कला खरी असते, कष्ट खरे असतात. कागद तेवढा नसतो. कला ज्यांच्या डोळ्यांदेखत घडली त्या गावानेच ती लिहून ठेवली असती, तर हा प्रश्न उद्भवला नसता.

यासाठी मोठ्या खर्चाची आवश्यकता नाही. ग्रामपंचायतीने गावातील हयात आणि दिवंगत कलावंतांची एक नोंदवही ठेवावी. तीत नाव, कला, मंडळीचे किंवा फडाचे नाव, कार्यक्रमांची गावे व वर्षे एवढी माहिती असावी आणि ती दरवर्षी पडताळून पाहावी. सार्वजनिक ग्रंथालयांनी जुनी हस्तपत्रके, निमंत्रणपत्रिका आणि छायाचित्रे जतन करावीत. शिक्षकांनी विद्यार्थ्यांना वृद्ध कलावंतांच्या घरी पाठवून त्यांच्या आठवणी लिहून आणावयास सांगावे. भाषेचा आणि इतिहासाचा याहून चांगला स्वाध्याय शोधून सापडणार नाही. चित्रफितींचे जतन करण्यासाठी पुण्यात १९६४ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले. परंतु माणसांच्या आठवणी जतन करण्याचे काम त्या त्या गावालाच करावे लागेल.

शाळेत किंवा गावच्या सभागृहात एखादा जुना चित्रपट दाखवला जाईल, तेव्हा आरंभीची श्रेयनामावली घाईने पुढे सरकवू नये. ती शेवटपर्यंत वाचावी आणि तिच्यातील एखादे नाव आपल्या जिल्ह्याचे आहे काय, हे विद्यार्थ्यांना शोधावयास सांगावे. सोलापूरच्या मुलांना त्या यादीत एक नाव नक्कीच सापडेल. शोध सुरू झाला की आणखीही सापडतील.